बिदरच्या किल्ल्यातले पडके महाल बघायला गाईड घ्यावा का, की पाट्या वाचून भागतं?

घ्या. यात विचार करण्यासारखं काही नाही.

तुम्ही लिहिलंय की लातूरहून घरच्यांना घेऊन एका दिवसात बिदर करायचं आहे, वडील सोबत आहेत, आणि मेव्हण्यांचं म्हणणं असं की 'पडक्या भिंतींना कसला गाईड, सगळे थापा मारतात'. हे वाचलं आणि हातातलं काम टाकून लिहायला बसले. कारण हेच बोलणं, जवळजवळ याच शब्दांत, माझ्या सख्ख्या भावाचं आहे आणि आमचा तो वाद अजून मिटलेला नाही.

आम्ही मूळचे उदगीरचे. वडिलांना अण्णा म्हणायचो. अण्णा गवंडी. सुरुवातीची वर्षं दगडी बांधकाम, पुढं सिमेंट आलं तसं विटांचं. 2016 च्या डिसेंबरात भावानं गाडी ठरवली. सकाळी किल्ला, मग झरणी नरसिंहाचं गुहेतलं देऊळ, मग नानक झिरा गुरुद्वारा, रात्री जेवायला घरी. किल्ल्याला त्यानं पाऊण तास धरला होता, कारण शाळेच्या सहलीत त्याचा किल्ला पाऊण तासात झाला होता.

दरवाज्यापाशी एक म्हातारे गृहस्थ बसले होते. अंगात स्वेटर, डोक्यावर पांढरी टोपी. ते आमच्या मागं लागले नाहीत, अण्णाच त्यांच्याकडं गेले. "मामू, एवढी दगडं आणली कुठनं?" ते उठले आणि काही न बोलता अण्णांना खंदकाच्या कडेला घेऊन गेले. बिदरचा खंदक तिहेरी आहे. तुम्ही म्हणाल, तीन खंदक शेजारीशेजारी खणले असतील. तसं नाही. जांभ्याचा अख्खा खडक कापत नेलाय आणि मध्ये दोन भिंती त्याच खडकाच्या राखल्यात. अण्णा तिथंच उकिडवे बसले. म्हणाले, "हे खणलेलं न्हाई, हे सोडलेलं हाय." म्हणजे काय काढलं यापेक्षा काय ठेवलं ते त्यांना दिसत होतं. मामू हसले, म्हणाले, "आता तुम्हाला मी काय दाखवू?" त्यांना मराठी छान येत होतं, मधेच दख्खनी यायची. पैसे किती, ते भावानं तिथंच घासाघीस करून ठरवलं.

पुढचं सगळं लिहीत बसले तर रात्र सरेल, पण सोळा खांब मशिदीचं सांगतेच, कारण तुमच्या प्रश्नाचं अर्धं उत्तर त्यात आहे. ही मशीद 1423-24 ची, शिलालेख आहे. बहमनी सुलतानांची राजधानी गुलबर्ग्याहून बिदरला आली त्याच सुमाराची. नाव 'सोळा खांब', आणि आत जाऊन बघाल तर जाडजूड गोल खांबांच्या रांगाच रांगा. भाऊ म्हणाला, "बघा, नावातच खोटं." मामूंनी अण्णांना सांगितलं, "गिनो बाबा." अण्णा मोजत सुटले, सोळाच्या कितीतरी पुढं गेले. मग मामूंनी सांगितलं की एके काळी बाजूचा भाग भिंत घालून बंद केला होता, लोकांना मधलेच सोळा दिसायचे, तेच नाव चिकटलं. असला खुलासा माणसाच्या तोंडूनच मिळतो, आणि तोही बोट दाखवून तिथल्या तिथं.

तख्त महालात कमानीच्या वरच्या कोपऱ्यात वाघ आणि त्याच्या पाठीमागं उगवता सूर्य आहे. रंगीत फरशीकाम बरंचसं गळून गेलंय, त्यामुळं कुणी बोट दाखवल्याशिवाय तो वाघ दिसत नाही. भाऊ त्याच्याखालून दोनदा गेला.

आता मूळ गोष्ट. दिवाण-ए-आम, म्हणजे आम दरबाराची जागा, जाली महालही म्हणतात. तिथं आज छत नाही, खांब नाहीत. खाली दगडी बैठका तेवढ्या ओळीनं राहिल्यात. अण्णांनी बघितल्या बघितल्या ओळखलं, "हे तळखडे हायेत, वर लाकडी खांब व्हते." मामूंनी मान हलवली. आणि मग अण्णांनी ते विचारलं, जे ते बहुधा उदगीरहून निघाल्यापासून मनात धरून होते.

"मामू, आमचा विठू कुठं उभा ऱ्हायला असंल?"

दामाजीपंतांची कथा तुम्हाला सांगायला नको. मंगळवेढ्याचं सरकारी धान्याचं कोठार दुष्काळात लुटवलं, बिदरच्या बादशहानं मुसक्या बांधून आणायचा हुकूम सोडला, आणि पांडुरंग विठू महार होऊन पैशाची थैली घेऊन दरबारात आला, पैसे मोजले, पावती घेऊन गेला. आमच्या घरी ही कथा दर एकादशीला व्हायची. अण्णांसाठी बिदर म्हणजे बहमनी नव्हतं, बरीदशाही नव्हतं. बिदर म्हणजे जिथं विठूनं जोहार घातला ती जागा.

भावाला लाज वाटली. तो चटकन म्हणाला, "अण्णा, ती पोथीतली गोष्ट हाय, चला पुढं."

मामू मात्र हसले नाहीत. म्हणाले, "दामाजीवाला विठू ना? मंगळवेढ्याकडची माणसं विचारतात." थोडा वेळ गप्प राहिले आणि म्हणाले, "बाबा, कोई बी पत्थर दिखाके मैं बोल सकता हूँ, इधर खडा था करके. लेकिन झूट नक्को. कहीं लिखा नहीं है."

मग त्यांनी एका रशियन व्यापाऱ्याचं सांगितलं. अफनासी निकितिन, 1470 च्या सुमारास बिदरला राहून गेला आणि त्यानं ते लिहून ठेवलं. सुलतानाच्या वाड्याला सात दरवाजे, दर दरवाज्यावर शंभर पहारेकरी आणि शंभर कारकून. आत कोण गेला ते काही जण लिहायचे, बाहेर कोण पडला ते काही जण. मामूंनी एवढंच सांगितलं, जोडून काही दिलं नाही. पण अण्णांचा चेहरा बघायला हवा होता.

"म्हंजी विठूचं नाव लिवलं असंल की वहीत!"

"लिखा होगा तो बही में होगा, बाबा. बही अब किधर है?"

अण्णांनी चपला काढल्या. तळखड्यांच्या रांगेपाशी वाकून जमिनीला हात लावला, तो कपाळाला लावला. मामू बाजूला तोंड करून उभे राहिले, माणूस देवळात असताना उभं राहावं तसे. भाऊ तोवर गाडीत जाऊन बसला होता आणि हॉर्न ऐकू येत होता.

आता मला सांगा, थाप मारायची असती तर याहून सोपी वेळ होती का? एक साठी ओलांडलेला भाविक माणूस, डोळ्यांत पाणी, खिशात पैसे. कुठलाही दगड दाखवला असता तरी अण्णांनी वर पन्नास-शंभर दिले असते, आणि गावात जाऊन आयुष्यभर सांगत बसले असते. त्या माणसानं ते केलं नाही. म्हणून 'सगळे गाईड थापा मारतात' हे मी कुणाकडूनही ऐकून घेत नाही, तुमच्या मेव्हण्यांकडूनही नाही.

नंतर रंगीन महाल. त्याला कुलूप होतं. मामूंनी कुठूनतरी चावीवाल्याला शोधून आणलं, एकट्यानं गेलो असतो तर कुलूप बघून परतलो असतो. आत कोरीव लाकडी खांब, आणि एका दारापाशी काळ्याशार गुळगुळीत दगडात शिंपला बसवलेला. मामूंनी मोबाईलचा उजेड तिरका धरला आणि तो शिंपला असा पेटला की अण्णा दोन पावलं मागं सरले. हे काम बहमनींनंतरच्या अली बरीदशहाच्या काळातलं, 1542 ते 1580 मधलं. मामू म्हणाले, बिदरीचं भांडं घ्या हातात, तेच आहे, काळ्यात पांढरं. बिदरी जस्त आणि तांब्याच्या ओतीव धातूची असते, चांदीची तार ठोकून बसवतात, आणि शेवटी या किल्ल्यातल्या जुन्या मातीत नवसागर घालून ते पाणी उकळतात. त्यात भांडं काळं पडतं, चांदी तशीच राहते. कारागीर माती जिभेवर ठेवून पारखतात. अण्णांनी लगेच चिमूटभर माती उचलून चाखली. ते चुन्याचं पण असंच बघायचे.

तीन तास गेले. झरणी राहिली. परतीच्या वाटेवर भाऊ एक शब्द बोलला नाही आणि घरी आल्यावर बोलला तो, "पाचशे रुपये देऊन पडक्या भिंती बघितल्या." 2019 मध्ये अण्णा गेले. वर्षश्राद्धाला जेवणं झाल्यावर पाहुण्यांसमोर परत तेच, बिदरच्या गाईडनं अण्णांना कसं बसवून ठेवलं. मी त्या दिवशी गप्प बसले, घरात माणसं होती म्हणून. आज बसत नाही. अण्णांना कुणी बसवून ठेवलं नव्हतं. त्यांच्या सगळ्या हयातीत त्यांच्या कामाविषयी त्यांच्याशी असं बरोबरीनं बोलणारा तो एकच माणूस मी बघितला. आम्ही दोघं भावंडं शिकलेली, पण तळखडा म्हणजे काय हे आम्ही त्यांना कधी विचारलं नव्हतं.

तर तुमचं. गाईड दारापाशीच ठरवा, पैसे आधी बोला, आणि ठरवण्याआधी एकच विचारा, 'सोळा खांब नाव कसं पडलं?' नीट सांगितलं तर घ्या. 'इथून गोवळकोंड्यापर्यंत भुयार आहे' असं सुरू झालं तर हात जोडून पुढं व्हा. 2022 मध्ये मी परत गेले तेव्हा असाच एक भेटला, अर्ध्या वाटेत पैसे देऊन मोकळी झाले. म्हणजे थापा मारणारे आहेतच, नाही असं नाही. मामू तेव्हा दिसले नाहीत.

पाऊण तासात होत नाही. निदान अर्धा दिवस धरा, आणि गावातला बहमनींचा वजीर महमूद गावान याचा 1472 चा मदरसा वेगळा धरा, एक मिनार उभा आहे, दुसऱ्या बाजूचा भाग 1696 च्या स्फोटात गेला. अष्टूरच्या बहमनी सुलतानांच्या कबरी त्याच दिवशी कोंबू नका.

भावाच्या बाजूचं एक खरं आहे, तेही लिहिते. आईचा झरणीला नवस होता आणि ती तीन तास गाडीत उन्हात बसली. किल्ल्यात चालणं फार, पायऱ्या तुटक्या, तिचे गुडघे दुखायचे. नवस नंतर भावानंच तिला वेगळं नेऊन फेडला. तेव्हा ज्यांना पडक्या भिंती नको आहेत त्यांना मेव्हण्यांबरोबर सकाळीच झरणीला पाठवा, गाडी त्यांनाच द्या. वडिलांना गाईडच्या शेजारी चालू द्या, तुम्ही दोन पावलं मागं राहा. आणि टॉर्च चांगला न्या, मोबाईलचा पुरत नाही. रंगीन महालाची चावी कुणाकडं आहे ते तिकिटाच्या वेळीच विचारून ठेवा.