शिकण्याचा वेळ कोणाचा?

गेल्या दोन महिन्यांत आलेल्या पत्रांपैकी निम्म्याहून अधिक पत्रे कामधंद्याच्या शिक्षणाविषयी आहेत. त्यांतली चार येथे घेतली आहेत. मी सरकारी औद्योगिक प्रशिक्षण संस्थेत शिल्प निदेशक म्हणून अनेक वर्षे टर्नरचा, म्हणजे लेथवर धातू कापून आकार देण्याचा, व्यवसाय शिकवला. त्यामुळे पहिल्या पत्राचे उत्तर जरा लांबले आहे, याची वाचकांनी नोंद घ्यावी.

प्रश्न : मी ४६ वर्षांचा आहे. भोसरीतल्या एका वर्कशॉपमध्ये २२ वर्षे लेथ चालवतो. दहावी नापास झाल्यावर हेल्पर म्हणून लागलो आणि बघून बघून काम शिकलो. मालकांनी गेल्या वर्षी दोन सीएनसी (संगणकाच्या प्रोग्रामवर चालणारी) मशीन घेतली, त्यांवर नवी मुले आहेत. इंजिनाच्या भागांच्या ऑर्डरी कमी झाल्या आहेत. मालक म्हणतात, सीएनसी शिका, पण स्वतःच्या वेळेत आणि बाहेर जाऊन. माझी पाळी ओव्हरटाइम धरून बारा तासांची होते. या वयात शिकता येईल का, आणि शिकून उपयोग होईल का?
(एक वाचक, भोसरी)

उत्तर : शिकता येईल, आणि नव्या मुलापेक्षा लवकर येईल. हे केवळ धीर देण्यासाठी म्हणत नाही. धातू कापला जाताना काय घडते ते तुम्हाला कानाने आणि बोटाने कळते. टूलची धार गेली की आवाज बदलतो, बीड आणि पोलाद यांना एकच वेग चालत नाही, लांब शाफ्टला मागून आधार दिला नाही तर तो टोकाकडे दबतो, हे सारे सीएनसीवरही तसेच असते. नव्या मुलाला बटणे माहीत असतात, पण मशीन कुरकुरू लागले की तो सुपरवायझरला शोधत फिरतो.

तुम्हाला नवीन असेल ती आकड्यांची भाषा. जी ०१ म्हणजे ठरलेल्या वेगाने सरळ रेषेत कापत जा, एम ०३ म्हणजे स्पिंडल फिरव, एम ३० म्हणजे प्रोग्राम संपला. रोजच्या कामात लागणारे असे संकेत पंचवीस-तीसच असतात. जुन्या टर्नरचा पाय अडकतो तो वेगळ्याच ठिकाणी, आणि ते आधी सांगून ठेवतो. जॉबचा, म्हणजे मशीनवर कापल्या जाणाऱ्या भागाचा, व्यास ०.०४ मिलिमीटर जास्त आला, तर आपल्या जुन्या लेथवर, डायल त्रिज्येवर असेल तर, आपण हँडल ०.०२ ने पुढे घेतो, कारण जॉब फिरत असल्यामुळे दोन्ही बाजूंनी तेवढाच कापला जातो. सीएनसी लेथवर एक्स अक्षाचा आकडा सहसा व्यासाचा असतो, म्हणून वेअर ऑफसेटच्या पानावर (टूलच्या जागेची दुरुस्ती आकड्यांत भरतात त्या पडद्यावर) पूर्ण ०.०४ वजा करायचे असतात. वीस वर्षांच्या सवयीचा माणूस तेथेही मनात अर्धे करतो, जॉब पुन्हा मोठा येतो, आणि "हे मशीन आपल्याला जमणार नाही" असे म्हणून तो मागे सरकतो. प्रत्यक्षात न जमलेली गोष्ट एवढीच असते आणि ती एका दुपारी सुटते.

उपयोगाविषयी तुमची शंका रास्त आहे. विजेवर चालणाऱ्या वाहनात पिस्टन, व्हॉल्व्ह, कॅमशाफ्ट, क्रँकशाफ्ट नसतात, आणि ज्या छोट्या वर्कशॉपचे पोट यांवर आहे त्यांना झळ बसणारच. परंतु मोटरचा रोटर शाफ्ट, वेग कमी करणारे गिअर, बेअरिंगची घरे, ब्रेक आणि सस्पेन्शनचे भाग राहतात, आणि त्यांना अचूकपणा कमी लागत नाही. म्हणून सीएनसी शिकताना ऑपरेटर होण्यावर थांबू नका, सेटर होण्याचे मनात धरा. ऑपरेटर जॉब लावतो, हिरवे बटण दाबतो, जॉब काढतो. सेटर टूल लावतो, ऑफसेट भरतो, नवा प्रोग्राम पहिल्यांदा सावकाश चालवून खात्री करून घेतो. जॉब बदलला तरी सेटरची गरज उरते.

या फरकाची एक आठवण आजही मला टोचते. आमच्या संस्थेतून बाहेर पडलेली चार मुले एका कारखान्यात शिकाऊ उमेदवार म्हणून गेली होती. वर्षाच्या शेवटी त्यांना भेटायला गेलो आणि एकाला ऑफसेटचे पान दाखवायला सांगितले. त्याने मशीनच्या पॅनेलवरच्या कुलपाकडे बोट केले. किल्ली सुपरवायझरच्या खिशात होती. वर्षभरात एकाही मुलाला ती मिळाली नव्हती. चौघांनाही प्रमाणपत्र मात्र मिळाले.

प्रमाणपत्र तुम्हीही घ्या, कारण कागद नसल्यामुळे तुमची २२ वर्षे दुसऱ्या मालकापुढे शून्य ठरतात. आधीच येत असलेल्या कामाची तपासणी करून दाखला देण्याची सोय २०१५ पासून प्रधानमंत्री कौशल्य विकास योजनेत ठेवली गेली. शिवाय अनुभवी कामगाराला खासगी उमेदवार म्हणून अखिल भारतीय व्यवसाय परीक्षेचा मार्गही आहे. अटी आणि तारखा जवळच्या आयटीआयच्या कार्यालयात विचारा. मात्र अशा दाखल्याने जुन्या कौशल्यावर शिक्का बसतो, नवे कौशल्य येत नाही. त्यासाठी मशीनवरच उभे राहावे लागते. छत्रपती संभाजीनगरच्या चिकलठाणा औद्योगिक वसाहतीतील इंडो-जर्मन टूल रूम आणि मुंबईत चुनाभट्टीची राष्ट्रीय कौशल्य प्रशिक्षण संस्था यांसारख्या ठिकाणी काम करणाऱ्यांसाठी छोटे अभ्यासक्रम चालतात. पण बारा तासांच्या पाळीनंतर तुम्ही तेथे कधी जाणार, हा खरा प्रश्न आहे, आणि "स्वतःच्या वेळेत शिका" या उत्तरावर माझा आक्षेप आहे.

आपल्याकडे हे पूर्वीही घडले आहे. जानेवारी १९८२ मध्ये मुंबईत सुरू झालेल्या गिरणी संपात सुमारे अडीच लाख कामगार होते. गिरण्या बंद पडत गेल्या तेव्हा, १९८६ मध्ये, केंद्राने वस्त्रोद्योग कामगारांसाठी पुनर्वसन निधी योजना आणली. तिच्यात कामगाराला पहिल्या वर्षी वेतनाच्या ७५ टक्के, दुसऱ्या वर्षी ५० आणि तिसऱ्या वर्षी २५ टक्के मदत होती. साळखात्यातला (गिरणीच्या विणकाम विभागातला) माणूस तीन वर्षांत दुसऱ्या कामाला लागेल, असे तिच्यामागे गृहीत होते, आणि दुसरे काम शिकण्याचा भार ज्याच्या त्याच्यावर होता. १९९२ च्या राष्ट्रीय नूतनीकरण निधीच्या उद्दिष्टांत पुनर्प्रशिक्षण लिहिलेले होते, तरी त्यातला बहुतेक पैसा स्वेच्छानिवृत्तीवर गेला. पन्नाशीच्या माणसाला एकरकमी पैसे देऊन घरी बसवणे सोपे असते. त्याला पगार चालू ठेवून सहा महिने शिकवणे कोणी अंगावर घेतले नाही.

म्हणून मालकांशी बोलताना मदत मागतो आहोत अशा सुरात बोलू नका, व्यवहार मांडा. सेटर नसला की मशीन किती वेळ थांबते हे आठवडाभर वहीत लिहा. मग सांगा की आठवड्याचे तीन तास पाळीच्या आत मला मशीनवर द्या, सहा महिन्यांत तो थांबणारा वेळ मी कमी करून दाखवतो. पगाराच्या वेळेत दिलेल्या या तीन तासांची किंमत मालकांना त्या वहीवरूनच समजेल.

प्रश्न : मुलीला दहावीला ७८ टक्के मिळाले. तिला आयटीआयत वीजतंत्री किंवा इलेक्ट्रिक वाहन मेकॅनिक व्हायचे आहे. भाऊबंद म्हणतात, आयटीआय नापासांसाठी असते, त्यात मुलीचे काय काम? आम्ही गोंधळलो आहोत.
(एक पालक, कराड)

उत्तर : मुलगी गोंधळलेली नाही, ही चांगली गोष्ट आहे. शिल्प कारागीर प्रशिक्षण योजना १९५० साली सुरू झाली, त्या वेळी या संस्थांकडे देश उभारण्याची जागा म्हणून पाहिले जाई. "नापासांची शाळा" हा शिक्का नंतर आपण मारला. दोन वर्षांचा व्यवसाय उत्तीर्ण झाल्यावर तिला तंत्रनिकेतनात थेट दुसऱ्या वर्षाला प्रवेश घेता येतो, म्हणजे पुढचे शिक्षण बंद होत नाही.

दोहोंपैकी वीजतंत्री घ्यावे, असे माझे मत आहे. मोटर, पॅनेल, वायरिंग, मोजमाप हा पाया पक्का झाला की वाहनाची मोटर, चार्जिंगचे ठाणे, छतावरचे सौर पॅनेल, कारखान्याची देखभाल यांतले काहीही पुढे धरता येते. वाहनाचा विशेष अभ्यास नंतर करता येईल. प्रवेशाचा अर्ज भरण्यापूर्वी तिला घेऊन संस्था पाहून या, आणि मुख्य इमारतीत न थांबता थेट कार्यशाळेत जा. मल्टिमीटर मुलांच्या हातात आहेत की कपाटात, हे पाहिले की पुष्कळ समजते. मुलींची बस, स्वच्छतागृह आणि कार्यशाळेतून सुटण्याची वेळ याही गोष्टी विचारा. घर सोडून शिकणाऱ्या मुलीचे शिक्षण अशा गोष्टींपायी अर्धवट सुटलेले मी पाहिले आहे.

प्रश्न : "तीन महिन्यांत ऑटोमेशन तज्ज्ञ, नोकरीची शंभर टक्के हमी" अशी जाहिरात पाहिली. फी ६५ हजार, हप्ते चालतात. घ्यावे का?
(पदवीधर वाचक, लातूर)

उत्तर : मागच्या तुकडीतल्या पाच मुलांना तुम्ही स्वतः शोधून भेटल्याशिवाय एक रुपयाही देऊ नका. एका मुलाला यंत्रावर प्रत्यक्ष किती तास मिळतात आणि परीक्षा कोण घेते, हे लेखी मागा. शिकवणारा, परीक्षा घेणारा आणि दाखला देणारा एकच असेल तर त्या दाखल्याला बाहेर फारसे वजन नसते. कर्ज काढून शिकण्याआधी, शिकताना पैसे मिळतील अशा वाटा पाहा. शिकाऊ उमेदवारीत विद्यावेतन मिळते. राज्याने २०२४ मध्ये सुरू केलेल्या मुख्यमंत्री युवा कार्य प्रशिक्षण योजनेत पदवीधरांसाठी महिना १० हजार रुपये ठरवले गेले. तेथेही नुसत्या फायली उचलण्याचे काम मिळणार नाही ना, हे आधी विचारून घ्या.

प्रश्न : माझ्याकडे ३५ कामगार आहेत. मुलांना शिकवतो, आणि आठ-दहा महिन्यांत दीड-दोन हजार रुपयांसाठी ती मोठ्या कारखान्यात जातात. मी मोठ्यांसाठी फुकटची शाळा का चालवू?
(एक लघुउद्योजक, सातपूर)

उत्तर : तुमची तक्रार खरी आहे, आणि तिच्यावर "देशकार्य समजा" असे उत्तर देणे अन्यायाचे होईल. शिकवण्याचा खर्च एकाने करायचा आणि फळ दुसऱ्याने घ्यायचे, ही रचनाच चुकीची आहे. जर्मनीत १९६९ पासून व्यवसाय प्रशिक्षणाचा स्वतंत्र कायदा आहे. तेथे मुलगा साधारण तीन ते साडेतीन वर्षे कारखान्यात आणि शाळेत आळीपाळीने शिकतो, परीक्षा उद्योग-व्यापार मंडळ घेते, आणि ज्यांना एकट्याने सर्व शिकवणे झेपत नाही असे छोटे कारखाने एकत्र येऊन मुले वाटून घेतात. एकजण लेथ शिकवतो, दुसरा ग्राइंडिंग, तिसरा मोजमाप. मुले तेथेही कारखाना बदलतात, पण बहुतेक सगळेच शिकवत असल्यामुळे गेलेल्या मुलाच्या जागी शिकलेलाच मुलगा येतो. तुमच्या गल्लीतल्या चार मालकांनी एवढे ठरवले तर सुरुवात होऊ शकते.

कायद्याकडेही लक्ष वेधतो. शिकाऊ उमेदवार अधिनियम १९६१ चा असून २०१९ च्या सुधारित नियमांनुसार ३० किंवा अधिक माणसे असलेल्या आस्थापनेला एकूण संख्येच्या अडीच ते १५ टक्के शिकाऊ उमेदवार घेणे बंधनकारक झाले. तुम्ही त्यात येता. २०१६ च्या राष्ट्रीय शिकाऊ उमेदवारी प्रोत्साहन योजनेत विद्यावेतनाचा २५ टक्के वाटा, कमाल दीड हजार रुपये, केंद्र उचलते. पण या उमेदवाराला स्वस्तातला ऑपरेटर म्हणून वापरू नका. वर्षभर एकच जॉब लावणारा मुलगा दीड हजारांसाठी जाणारच, कारण तुमच्याकडे त्याला पुढे शिकण्यासारखे काहीच दिसत नाही. सेटर कधी होणार आणि झाल्यावर पगार किती वाढणार, हे रुजू होताना कागदावर लिहून द्या.

आणि येत्या महिन्यापासून एवढे करून पाहा. दर शनिवारी पहिल्या पाळीचे शेवटचे दोन तास एक मशीन उत्पादनातून काढा, भंगारातला बार लावा, आणि ऑफसेटच्या पानाची किल्ली तेवढ्या वेळेपुरती मुलाच्या हातात द्या. तो एखादे टूल मोडेल. दोन तासांचे उत्पादन आणि त्या टूलची किंमत हिशेबात "प्रशिक्षण" या नावाने वेगळी लिहा. सहा महिन्यांनी तो आकडा फुकट गेलेल्या जॉबच्या आकड्याशेजारी ठेवून मला कळवा. तुमचे ते पत्र या सदरात घेईन.