फरशीखालच्या उबेसाठी आईंची ठेव मोडावी का?

नमस्कार,

तुमचं पत्र दोनदा वाचलं. वाचकांसाठी थोडक्यात सांगतो. तुमच्या मखमलाबादच्या बंगल्याचं काम सुरू आहे, दोन्ही मजले मिळून 1100 चौरस फूट, आणि संक्रांतीनंतर फरशी बसायची आहे. गेल्या नाताळात तुम्ही बहिणीकडे स्टुटगार्टला राहिलात. तिथे फरशीखालच्या नळ्यांतून कोमट पाणी फिरतं, अनवाणी चाललं तरी पाय गार पडत नाहीत. तुमच्या आई 74 वर्षांच्या, गुडघ्यांचा संधिवात, पहाटे साडेपाचला उठायची सवय. त्यांच्यासाठी तीच व्यवस्था नाशिकच्या घरात करायची, असं तुमच्या मनात आहे. कोटेशन 7,80,000 रुपयांचं. मुदत संपलेल्या एफडीचे 4,60,000 हाताशी आहेत, उरलेल्या रकमेसाठी आईंची ज्येष्ठ नागरिक बचत योजनेतली ठेव मोडायची. ‘आईच म्हणाली, माझे पैसे घे,’ असं तुम्ही लिहिलंय. ‘फरशी एकदा बसली की परत उकरता येणार नाही, म्हणून आत्ताच ठरवायला हवं,’ हेही.

माझं उत्तर आधीच सांगतो. पूर्ण घराला ही यंत्रणा बसवू नका, आणि आईंच्या ठेवीला हात लावू नका. मात्र आईंच्या पायांना ऊब मिळायलाच हवी. ती पुढच्या हिवाळ्यावर ढकलू नका, त्यासाठी या बांधकामातच पैसे बाजूला काढा.

माझे वडील शेवटचे दोन हिवाळे माझ्याकडे इंदिरानगरला होते. पहाटे ते पलंगाच्या कडेला बसायचे आणि अंधारात पायाच्या अंगठ्याने सपाता चाचपायचे. सपाता सापडेपर्यंत तळवा फरशीला लागू नये म्हणून पाय अधांतरी धरलेले. मी त्या खोलीत तापमापी टांगली होती. बाहेर 9 अंश असताना आत 18 किंवा 19 दिसायचे. हवा तितकी थंड नव्हती, पण व्हिट्रिफाइड टाइल अंगातली ऊब झपाट्याने ओढून घेते, म्हणून तीच 18 अंशांची खोली पायाला बर्फासारखी लागते. पलंगाजवळ दुहेरी घोंगडी अंथरली आणि पाय अधांतरी धरणं थांबलं. तुमच्या आईंचा त्रास तेवढ्यावर मिटेल असं मी म्हणत नाही. त्रास नेमका कुठे होतो, हे मात्र त्यामुळे मला कळलं.

आता हवामानाचं पाहू, कारण सगळा हिशोब त्यावर उभा आहे. निफाडचा पारा घसरला की राज्यभर बातमी होते आणि द्राक्षबागांत रात्री शेकोट्या पेटतात. थंडी खरी आहे. पण त्याच दिवशी दुपारी आपल्याकडे 27-28 अंश असतात आणि आपण सावली शोधतो. जर्मनीत ऑक्टोबरपासून एप्रिलपर्यंत घर तापवावंच लागतं, दिवसा आणि रात्रीही. फरशीखालची यंत्रणा तशा थंडीसाठी जन्मली. नळ्यांवर पाचेक सेंटिमीटरचा कोबा, म्हणजे सिमेंटचा थर असतो. आधी तो तापायला हवा, मग खोली, आणि त्याला तीन-चार तास सहज लागतात. म्हणजे आईंना पहाटे पाचला ऊब हवी तर हीट पंप, म्हणजे बाहेरची उष्णता ओढून पाणी तापवणारं यंत्र, मध्यरात्रीनंतर लगेच सुरू झालं पाहिजे. दहा वाजता खिडकीतून ऊन आत येतं, तेव्हा कोबा अजून तापलेलाच असतो. युरोपात या संथपणामुळे उष्णता टिकते, तो तिथे फायदा आहे. आपल्याकडे मात्र बरीचशी ऊब नको त्या वेळी येते.

आता आकडे. नाशिकमध्ये खरोखर गरज पडेल अशा रात्री मी सढळ हाताने 75 धरतो. यंत्राचं आयुष्य 15 वर्षं. नळ्या त्याहून कितीतरी जास्त टिकतात, पण हीट पंप टिकत नाही. 75 गुणिले 15, म्हणजे 1125 रात्री. 7,80,000 भागिले 1125 केलं की एका रात्रीला 693 रुपये झाले, तेही त्या पैशावर बुडणारं व्याज न धरता. पुढे वीज. 1100 चौरस फूट म्हणजे साधारण 102 चौरस मीटर. दर चौरस मीटरला 50 वॉट उष्णता धरली, यंत्र दहा तास चाललं आणि हीट पंपाने एका युनिटच्या बदल्यात तीन युनिट उष्णता दिली, तरी रात्रीला 17 युनिट लागतात. तुमचं महावितरणचं बिल आत्ताच 300 युनिटच्या वर जातं, म्हणून वाढीव युनिट मी 16 रुपयांनी धरतो. झाले 272 रुपये. वर्षाच्या देखभालीचे 8,000 या 75 रात्रींवर वाटले की आणखी 107. एका रात्रीच्या उबेची किंमत हजाराच्या वर गेली. आणि त्या रात्री घरात पहाटे फरशीवर पाय ठेवणाऱ्या व्यक्ती किती? तुमच्याच पत्रानुसार, एक.

विक्रेत्याने तुम्हाला सांगितलेल्या दोन गोष्टींबद्दल. पहिली, ‘सोलर बसवा, वीज फुकट.’ सोलर जरूर बसवा. पीएम सूर्यघर योजनेत 3 किलोवॉटला 78,000 रुपये अनुदान आहे आणि तेवढ्या पॅनेलमधून महिन्याला साडेतीनशेच्या आसपास युनिट मिळतात. पण तुमचा आजचा वापरच 320 युनिटचा आहे. सोलर तो वापर भरून काढेल आणि गुंतवणूक म्हणून उत्तम ठरेल. हीटिंगचे महिन्याला पाचशे युनिट त्यातून निघणार नाहीत. दुसरी, ‘उन्हाळ्यात याच नळ्यांतून गार पाणी सोडा.’ त्यासाठी थंड-गरम दोन्ही करणारा पंप लागतो आणि तुमच्या कोटेशनमध्ये फक्त गरम करणारा आहे. शिवाय फरशी एका मर्यादेपलीकडे गार केली की जूनच्या दमट हवेत तिच्यावर ओल धरते. गुडघे दुखणाऱ्या माणसाच्या पायाखाली ओली टाइल नको. घर विकताना हा खर्च वसूल होईल, हाही भरवसा धरू नका. नाशिकमध्ये घर घेणारा पाणी, पार्किंग आणि रस्ता बघतो.

आता आईंची ठेव. मला सगळ्यात जास्त काळजी इथे वाटते. 8 लाख रुपये, 8.2 टक्के, खातं उघडून अडीच वर्षं झालेली. दर तीन महिन्यांनी त्यांच्या खात्यात 16,400 रुपये येतात. या योजनेतून थोडी रक्कम काढता येत नाही. म्हणजे तुम्हाला 3,20,000 हवे असले तरी पूर्ण 8 लाखांचं खातं बंद करावं लागेल. दोन वर्षं उलटून गेल्यामुळे कपात 1 टक्का, म्हणजे 8,000 रुपये. ते एकवेळ सोसता येईल. पण त्यांचा 8.2 टक्के दर खातं उघडताना ठरलाय आणि पाच वर्षं पूर्ण होईपर्यंत तो बदलणार नाही. आज मोडलं तर उद्या तोच दर परत मिळेल याची खात्री कोण देणार?

तेही बाजूला ठेवा. ते 16,400 रुपये आईंचे स्वतःचे आहेत. नातीच्या हातावर ठेवायचे, औषधं आणायची, त्र्यंबकेश्वरला जाताना रिक्षाचं भाडं द्यायचं, हे सगळं त्या कोणाला न विचारता करतात. मुलाचं घर होतंय म्हटल्यावर कुठलीही आई ‘माझे घे’ म्हणणारच. त्यांनी प्रेमाने देऊ केलं म्हणून ते घ्यायलाच हवेत असं नाही.

एफडीच्या 4,60,000 चंही पाहू. तुमचा घरखर्च 62,000, बंगल्याचा पूर्ण हप्ता सुरू झाला की 46,000. महिन्याला 1,08,000 झाले. सहा महिन्यांची गंगाजळी म्हणजे साधारण साडेसहा लाख, आणि आज तुमच्या बचत खात्यात 1,60,000 आहेत. एफडीचे 4,60,000 त्यात मिळवले की 6,20,000 होतात. म्हणजे ज्या पैशाला तुम्ही मोकळा समजताय तो मोकळा नाही, त्याचं काम ठरलेलं आहे. नाशिकच्या अंबड औद्योगिक वसाहतीतल्या कारखान्यांत ऑर्डर कमी झाल्या की काय होतं हे तुम्ही आत राहून बघितलंय, मी काय सांगणार. शिवाय आईंचा आरोग्य विमा फक्त तुमच्या कंपनीच्या पॉलिसीत आहे. नोकरी गेली की तोही गेला. 70 वर्षं आणि त्याहून जास्त वयाच्या सर्वांना, उत्पन्न कितीही असलं तरी, आयुष्मान भारत योजनेत वर्षाला 5 लाखांपर्यंतचं संरक्षण मिळतं. ऑक्टोबर 2024 पासून ते लागू आहे. आईंचं आयुष्मान वय वंदना कार्ड अजून काढलेलं नाही, असं तुमच्या पत्रावरून दिसतं. आधार कार्ड घेऊन ते याच आठवड्यात काढा. एक पैसाही लागत नाही.

‘फरशी बसली की संधी गेली’ हा तुमचा मुद्दा मात्र वजनदार आहे, तो मी झटकणार नाही. फक्त आईंच्या खोलीत नळ्या टाकून ठेवल्या आणि पंपाचं नंतर बघू म्हटलं तर? तुमच्या कोटेशनमध्ये नळ्या, खालचा उष्णतारोधक थर आणि कोबा मिळून 280 रुपये चौरस फूट आहे. आईंची खोली 12 बाय 14, म्हणजे 168 चौरस फूट, खर्च 47,000. परवडणारा आहे. मीही यावर बराच वेळ थांबलो. मग दोन गोष्टी दिसल्या. एक, हा थर धरून त्या खोलीची फरशी बाकी घरापेक्षा दोन-तीन इंच वर येईल. संपूर्ण घराची पातळी त्याप्रमाणे उचलली नाही तर आईंच्या दारातच पायरी तयार होईल. संधिवात असलेल्या माणसाला अंधारात अडखळायला एवढी पायरी पुरे. दोन, एका खोलीसाठी पंप, टाकी आणि मॅनिफोल्ड (नळ्यांत पाणी वाटून देणारा जोड) घ्यायचं तर ते छोटं घेतलं तरी निम्म्याने स्वस्त पडत नाही. त्यामुळे त्या नळ्या कोब्यात तशाच पडून राहतील, असं मला वाटतं. तरीही तुमचं मन तिकडेच ओढत असेल तर आर्किटेक्टकडून पातळी आधी जुळवून घ्या, कोबा टाकण्याआधी नळ्यांत दाब भरून चाचणी करायला लावा, टाकलेल्या नळ्यांचे मोजपट्टीसह फोटो काढा, आणि बिघाड झाला तर दुरुस्तीला माणूस नाशिकचाच येणार की पुण्या-मुंबईहून, हे लेखी घ्या.

मी तुमच्या जागी असतो तर आईंच्या खोलीत टाइलऐवजी फोमच्या थरावर लॅमिनेट फ्लोअरिंग केलं असतं. 150 रुपये चौरस फुटाने 25,000 च्या आसपास जातं. पायाला गार लागत नाही. पुसताना फडकं घट्ट पिळून घ्यावं लागतं, एवढं कामाला येणाऱ्या ताईंना सांगून ठेवा. सरकत्या खिडक्यांच्या फटींना ब्रशची पट्टी, दाराखाली रबर, आणि जाड पडदे. पहाटेचा वारा अडला की अर्धं काम होतं. ऑइलने भरलेला थर्मोस्टॅटचा हीटर दहा-बारा हजारांत मिळतो. सरासरी सहा युनिट रात्रीला धरले तर 75 रात्रींचे 450 युनिट, वर्षाला 7,200 रुपये. कोळशाची शेगडी बंद खोलीत कधीही ठेवू नका, तिच्या वायूने झोपेतच जीव जातो. आईंना मधुमेह असेल आणि पायाची संवेदना कमी झाली असेल तर हीटर किती जवळ ठेवायचा हे डॉक्टरांना विचारा. बाथरूममध्ये न घसरणारी टाइल आणि भिंतीला पकडायचे दांडे हवेतच. पहाटे पडण्याची भीती तिथेच जास्त असते. हे सगळं मिळून साठ-सत्तर हजारांत बसतं. तेवढे पुढच्या तीन पगारांतून निघतील, एफडीला हात न लावता.

गिलावा होण्याआधी वायरमनला एक काम सांगा. आईंच्या पलंगाच्या पायथ्याकडच्या भिंतीत 16 अँपिअरचा स्वतंत्र पॉइंट, त्याला सरळ बोर्डावरून वेगळी तार. हीटर एक्स्टेंशनवर चालवायचा नाही. आणि पॉइंटचं बटण वर, पलंगावरून हात पुरेल अशा उंचीवर घ्या. पाय खाली ठेवण्याआधी अर्धा तास त्यांना स्वतःलाच ते लावता आलं पाहिजे.