एक्सेलमध्ये एका रकान्यातली सगळी नावं स्वल्पविराम देऊन एकाच सेलमध्ये कशी आणायची?

टेक्स्टजॉइन फंक्शन वापरा. कंसात ओळीने तीन गोष्टी द्या: अवतरणचिन्हांत स्वल्पविराम आणि एक स्पेस, मग ट्रू, मग ए२:ए६० अशी रेंज. ट्रूमुळे रिकामे सेल गाळले जातात, नाहीतर मधेच दोन-दोन स्वल्पविराम येतात. कॉन्कॅटिनेटच्या नादी लागू नका, त्यात प्रत्येक सेल वेगळा लिहावा लागतो (६० नावं असली की बोटं दुखतात). टेक्स्टजॉइन एक्सेल २०१९ आणि त्यापुढच्या आवृत्त्यांत आहे, गूगल शीट्समध्येही चालतं. मात्र एक्सेलच्या रकान्यात तारखा असतील तर त्यांच्या जागी ४५२९२ सारखे आकडे जोडले जातील. हा आकडा म्हणजे १ जानेवारी २०२४. अशा वेळी रेंज आधी टेक्स्ट फंक्शनमध्ये घाला.