शॉर्ट फिल्ममध्ये गोळी लागल्याचं रक्त घरी बनवावं, विकत आणावं की एडिटमध्ये टाकावं?

घरी बनवा. 250 ग्रॅम लिक्विड ग्लुकोज घ्या, ठाण्यात जांभळी नाक्याला बेकरीचं सामान ठेवणाऱ्याकडे मिळेल. त्यात 80 मिली गरम पाणी, चमचाभर लाल खायचा रंग, अर्धा चमचा कोको. कोको आधी थोड्या गरम पाण्यात कालवा, थेट टाकली की गुठळ्या. कोको वगळलीत तर रक्त आरपार दिसतं, म्हणजे गुलाबाचं सरबत. निळा रंग थेंबाथेंबाने, आणि तोही शूटच्याच दिव्यात, कॅमेऱ्याच्या स्क्रीनवर बघत. पिवळ्या बल्बखाली हे मिश्रण नारिंगी पडतं. (ब्लॅक अँड व्हाइट असेल तर चॉकलेट सिरप पुरे. 1960च्या 'सायको'त तेच होतं.)

आता 'एडिटमध्ये टाकू'. आमच्या कॅमेरामनचा हा लाडका मंत्र. घोडबंदरच्या एका फ्लॅटमध्ये तिसऱ्या टेकला, शर्टामागे रक्त पोचवणारी नळी सिरिंजमधून सुटली आणि अख्खी भिंत लाल झाली, तेव्हापासून तर जास्तच. पण चूक नळीची होती. फिश टँकची दीड मीटर नळी, त्यात घट्ट रक्त, पुढे बारीक तोंडाची सिरिंज: दाब वाढला की जोड सुटणारच. सिरिंज मोठ्या तोंडाची 50 मिलीची घ्या, जोडावर तार आवळा, नळीतलं रक्त पाणी घालून पातळ करा. नळी टेकआधी टोकापर्यंत भरून ठेवा. आत हवा राहिली तर आधी फुस्स होतं, रक्त मागाहून येतं आणि नट तोवर पडलेला असतो.

शर्ट आतून पॉलिश पेपरने विरविरीत होईपर्यंत घासा, ब्लेडने सेंटिमीटरभर फुली मारा, ग्लू स्टिकने हलकी बंद करा. नळीचं तोंड बरोबर फुलीमागे, मायक्रोपोर टेपने अंगाला. दुसरं टोक पँटच्या पायातून बाहेर. शर्ट सुतीच हवा. टेरिकॉटवरून रक्त ओघळून जातं, सुतीवर डाग पसरत राहतो. एडिटमध्ये टाकलेल्या रक्ताने कापड अंगाला चिकटत नाही, नटाचा हात ओला होत नाही. पुढच्या शॉटला शर्ट कोरडा, मग तिथेही एडिट, त्याच्या पुढेही. घोडबंदरच्या त्या फिल्ममध्ये आम्ही शेवटी नेमकं हेच केलं आणि ते दिसतं.

विकतच्या रक्ताचं राहिलंच. जखमेच्या क्लोजअपला छोटी बाटली ठीक, शर्ट भिजवायला परवडत नाही.

आणि हो, स्क्विब, म्हणजे गोळी लागल्यासारखा फुटणारा बंदुकीच्या दारूचा छोटा बार, घरी अजिबात नको, ते परवानाधारक माणसाचं काम. रंग आदल्या दिवशी नटाच्या मनगटावर लावून बघा. अंगाला आधी व्हॅसलिन, नाहीतर लाली दोन दिवस जात नाही. डाग सुटावा म्हणून रक्तात भांड्यांचं लिक्विड घालतात, ते तोंडातल्या रक्तात नको. भिंतीला प्लास्टिक लावा. डिस्टेंपरवर खायचा रंग मुरला की वरून दिलेल्या रंगाच्या हातातूनही वर येतो. शर्ट एकाच ताग्यातले तीन शिवा, तिन्ही आधीच घासून, फुली मारून तयार ठेवा.