दोन प्रवेशांचा घरमालक

चि.,
अनेक आशीर्वाद.

मालिकेत घरमालकाचं काम मिळालं, तेही दोन प्रवेशांचं, म्हणून तू खट्टू झालास. ‘द गॉडफादर’चा दुसरा भाग (१९७४) तू पाहिला आहेस. रॉबर्ट डी नीरो आठवत असेलच. त्याच्या पुढ्यातला घरमालक आठवतो का? सिन्योर रोबेर्तो. तोही दोनच प्रवेशांचा.

पहिल्यात तो रस्त्यात तरुण व्हितोला, म्हणजे डी नीरोला, पुढच्या माफिया डॉनला, झिडकारतो. कुत्र्यापायी एका विधवेला घराबाहेर काढलंय, त्यात हा कोण टिकोजी मध्ये पडणारा? मग व्हितो ‘कोण’ आहे हे कळतं आणि घरमालकाची स्वारी त्याच्या दुकानात हजर. भाडं पूर्वीचंच राहील म्हणतो, मग पाच डॉलर कमी करतो, मग दहा. निघताना दारच उघडेना! घाबरलोय असं तो एकदाही म्हणत नाही. सगळं त्या दाराशी झटापटीत आहे.

हा नट लेओपोल्दो त्रिएस्ते. जन्म १९१७, इटलीच्या दक्षिण टोकाचं रेज्जो कालाब्रिया. मूळचा नाटककार. इटालियन दिग्दर्शक फेलिनीने १९५२ साली ‘द व्हाइट शेख’मध्ये त्याला नवरदेव केलं: मधुचंद्राला रोमला आलेला, बायको नाहीशी झालेली, आणि नातेवाइकांपुढे ती आजारी असल्याची थाप मारत घाम पुसणारा. पुढच्याच वर्षी ‘इ वितेल्लोनी’त तो होतकरू नाटककार झाला, पात्राचं नावही लेओपोल्दोच. पुढे त्याने दोन चित्रपट दिग्दर्शितही केले, पण लोकांच्या लक्षात राहिला तो अशा छोट्या कामांमुळे.

माझ्या मते त्याची खुबी एकच. पात्राला काय दाखवायचंय यापेक्षा काय लपवायचंय, हे तो आधी ठरवत असावा. लिहिणाऱ्याची सवय ती. ‘सेदोत्ता ए अब्बान्दोनाता’मधला (१९६४) कफल्लक, बोळका सरदार बघ, खानदानी ऐट सांभाळता सांभाळता त्याची कोण तारांबळ! त्या कामाला सहायक अभिनेत्याचा नास्त्रो द’अर्जेन्तो हा इटलीतला चित्रपट पुरस्कार मिळाला. १९९६ साली, ऐंशीच्या उंबरठ्यावर, दाविद दी दोनातेल्लो हा तिथलाच दुसरा मोठा पुरस्कारही मिळाला. (तू पंचविशीत निराश होतोस, म्हणून सांगितलं.)

‘सिनेमा पॅरादिसो’ (१९८८) मात्र या आठवड्यात परत बघ. चुंबन आलं की घंटी वाजवून ते कापायला लावणारा पाद्री तोच. मोठ्याने हसवायला ती घंटी पुरेशी होती. पण घंटी वाजेपर्यंत या महाराजांची नजर पडद्यावरून ढळत नाही, ते बघ.

तेव्हा संवाद पाठ करायच्या आधी तुझा घरमालक भाडेकरूपासून काय लपवतोय ते ठरव. कर्ज असेल, एकटेपणा असेल, लेखकाने लिहिलं नसेल तर तू ठरव. दिग्दर्शकाला सांगत बसू नकोस, मालिकेच्या सेटवर कुणाला वेळ नसतो. आणि दोनाचे तीन प्रवेश करून मागू नकोस.

तुझा,
सर