हक्कसोडवर सही करण्याआधी

मेलबर्नहून एका ताईंचं पत्र आलं आहे. निफाड तालुक्यात वडिलांची द्राक्षबाग आणि थोडी कांद्याची जमीन, पंचवटीत राहतं घर. वडील गेल्या वर्षी गेले, मागे आई आणि एक भाऊ. वर्षश्राद्धाला ताई नाशिकला येणार आहेत आणि भावाने फोनवर सांगून ठेवलंय, "आलीच आहेस तर हक्कसोडवर सही करून जा, कागद तयार आहेत." म्हणजे वडिलांच्या मिळकतीतला आपला हिस्सा सोडून द्यायचा. ताईंना जमिनीची हाव नाही, भावाशी संबंधही चांगले आहेत. पण त्यांच्या चौदा वर्षांच्या लेकीने विचारलं, "मामाला कुणी हक्क सोड म्हणत नाही, मग तुलाच का?" या प्रश्नाला त्यांना उत्तर सुचेना. सही करावी का, आणि लेकीला काय सांगावं, असं त्यांनी विचारलंय.

ताई, आधी लेकीच्या प्रश्नाकडे वळते. सहीचं उत्तर त्यातच आहे.

तिला सांगा की हा हिस्सा मामाने किंवा आजोबांनी मायेपोटी देऊ केलेला नाही, तो कायद्याने तुमचा आहे आणि तो मिळायला फार वर्षं लागली. तिच्या पणजीच्या काळात एकत्र हिंदू कुटुंबातल्या विधवेला अन्नवस्त्रापुरताच आधार असायचा. १९३७ साली डॉ. जी. व्ही. देशमुखांनी मांडलेला कायदा झाला आणि विधवेला मुलाइतका वाटा मिळाला, पण तोही हयातीपुरता. स्वतःच्या मर्जीने तो विकायची किंवा लेकीच्या नावे करायची मुभा तिला नव्हती. मुलीच्या वाट्याला त्या कायद्यातही काही आलं नाही. तिचं लग्न लावून दिलं की माहेरची जबाबदारी संपली, असंच धरलं जायचं.

आपल्या नाशिक जिल्ह्यात बाबासाहेब आंबेडकरांचं नाव निघतं ते २ मार्च १९३० रोजी सुरू झालेल्या काळाराम मंदिर सत्याग्रहासाठी आणि १३ ऑक्टोबर १९३५ च्या येवल्याच्या घोषणेसाठी. पण कायदेमंत्री असताना त्यांनी हिंदू कोड बिलात, म्हणजे हिंदूंच्या विवाह-वारशाच्या कायद्यांच्या एकत्रित विधेयकात, मुलीला वारसा हक्क देण्यासाठी किती झगडा दिला, हे आपल्या घरांमध्ये फारसं बोललं जात नाही. मुलीला वाटा दिला तर घरं फुटतील, असं तेव्हा उघडपणे म्हटलं गेलं. बिल रखडलं आणि सप्टेंबर १९५१ मध्ये बाबासाहेबांनी राजीनामा दिला. त्यामागे हे एक मोठं कारण होतं. पुढे त्याच बिलाचे तुकडे करून चार कायदे झाले, त्यातला हिंदू वारसा कायदा १९५६ चा. त्याने बाईच्या मालमत्तेवर तिची पूर्ण मालकी मान्य केली आणि वडिलांच्या मागे मुलीलाही वारस केलं. वडिलोपार्जित एकत्र मिळकतीत जन्मतः हक्क मात्र मुलग्यांचाच राहिला.

ती उणीव महाराष्ट्राने १९९४ मध्ये भरून काढली, पण २२ जून १९९४ च्या आधी लग्न झालेल्या मुलींना वगळून. किती आत्या आणि मावश्या त्या एका तारखेमुळे बाहेर राहिल्या असतील! ९ सप्टेंबर २००५ पासून देशभर लेक जन्मतःच मुलाच्या बरोबरीची सहदायाद, म्हणजे एकत्र मिळकतीची वाटेकरी, झाली, लग्न कधी झालं याची अट गेली. २० डिसेंबर २००४ च्या आधी रीतसर झालेली वाटपं तेवढी कायम राहिली. २००५ साली वडील हयात असायला हवेत का, यावर पुढे पंधरा वर्षं वाद चालला. ११ ऑगस्ट २०२० रोजी सर्वोच्च न्यायालयाने विनीता शर्मा खटल्यात तो मिटवला: हक्क जन्माचा आहे, म्हणून २००५ साली वडील हयात असण्याची गरज नाही.

लेकीला आणखी एका बाईबद्दल सांगा. कॉर्नेलिया सोराबजी, जन्म नाशिकचा, १५ नोव्हेंबर १८६६. ऑक्सफर्डला कायदा शिकलेली पहिली स्त्री. १८९२ मध्ये परीक्षा दिली, पण तेव्हा ते विद्यापीठ बायकांना पदवीच देत नव्हतं, आणि भारतात बाईला वकिली करायला १९२३ पर्यंत थांबावं लागलं. मधल्या काळात, १९०४ पासून, त्यांनी बंगालमध्ये सरकारच्या सल्लागार म्हणून पडद्यातल्या बायकांच्या इस्टेटींचं काम पाहिलं. या बायका मोठमोठ्या जमिनींच्या मालकिणी होत्या, पण परपुरुष वकिलाशी बोलू शकत नव्हत्या, त्यामुळे कागदावर काय लिहिलंय ते त्यांना कारभारी किंवा नातेवाईक सांगेल तेच कळायचं. कॉर्नेलियाबाईंची राजकीय मतं मला पटत नाहीत, स्वातंत्र्य चळवळीच्या त्या विरोधात होत्या. पण बाईने सहीच्या आधी कागद समजून घेतला पाहिजे यासाठी त्यांनी आयुष्य वेचलं. ते आजही आपल्या कामाचं आहे.

आणि अगदी घराजवळचं म्हणजे चांदवड. निफाडहून फार लांब नाही. तिथे नोव्हेंबर १९८६ मध्ये शेतकरी महिला आघाडीचं अधिवेशन झालं. राज्यभरातून शेतकरी बाया लोटल्या होत्या. त्यानंतर शरद जोशींच्या शेतकरी संघटनेने लक्ष्मीमुक्तीची मोहीम काढली आणि गावोगावच्या पुरुषांनी आपणहून जमिनीचा तुकडा बायकोच्या नावे केला. निंदणी-खुरपणी जन्मभर जिने केली, तिचं नाव सातबाऱ्यावर असावं, एवढी साधी मागणी होती. तुमच्या आईंच्या वयाच्या कितीतरी जणी तिथे असतील. आईंना विचारा, आठवणी निघतील.

आता सहीकडे येते. माझं स्पष्ट मत आहे की या वारीत सही करू नका.

नाशिकच्या तहसील कचेऱ्यांमध्ये जे घडतं ते एकदा नीट पाहा. वडील गेल्यावर वारस नोंदीचा फेरफार, म्हणजे महसूल दप्तरातला नावबदल, होतो. सातबाऱ्यावर आई, भाऊ, बहीण अशी तिघांची नावं चढतात. काही महिन्यांतच दुसरा फेरफार येतो, हक्कसोडीचा, आणि बहिणीच्या नावाला कंस पडतो, म्हणजे ते नाव कमी होतं. अनेकदा आईचंही नाव त्याच कागदाने कंसात जातं. ही दुसरी गोष्ट मला जास्त सलते. तुमच्या वडिलांनी मृत्युपत्र केलं नसेल तर आई, भाऊ आणि तुम्ही, तिघांचा सारखा हक्क आहे. तुमची सही मागितली आहे, तशी आईंचीही मागितली आहे का, हे आधी विचारा. आईंनी उतारवयात जमीन आणि घर दोन्हींवरचा हक्क सोडला तर औषधाच्या पैशासाठीही त्यांना कुणाचं तरी तोंड पाहावं लागेल. आज सून चांगली आहे, मुलगा चांगला आहे. तरीही आईंचं नाव राहू द्या.

परदेशात राहणाऱ्यांसाठी आणखी एक बाब आहे, जी सही घेताना सहसा कुणी सांगत नाही. परदेशात राहणाऱ्या भारतीयाला किंवा ओसीआय कार्डधारकाला (परदेशी नागरिकत्व घेतलेल्या भारतीय वंशाच्या व्यक्तीला) भारतात शेतजमीन विकत घेता येत नाही, बक्षीसपत्रानेही घेता येत नाही. वारसाने आलेली मात्र ठेवता येते. नागरिकत्व बदललं म्हणून वारसा हक्क जात नाही. म्हणजे आज तुम्ही निफाडची जमीन सोडलीत आणि पाच वर्षांनी भावाला वाटलं की बहिणीला थोडी परत द्यावी, तरी तुम्ही परदेशात असेपर्यंत तो ती सहज देऊ शकणार नाही. नोंदणी झालेलं हक्कसोडपत्र नंतर वाईट वाटलं म्हणून रद्दही होत नाही. फसवणूक किंवा दबाव होता हे दिवाणी न्यायालयात सिद्ध करावं लागतं, आणि सख्ख्या भावाविरुद्ध ते करायची वेळ कुणावरही येऊ नये.

भावाची बाजूही समजून घ्या. बाग तो सांभाळतो, फवारणी, छाटणी, मजूर, सगळं त्याच्या अंगावर. सोसायटीचं पीककर्ज काढायचं, गारपिटीची भरपाई घ्यायची, तर सातबाऱ्यावरच्या प्रत्येकाची सही किंवा संमती मागतात. बहीण मेलबर्नला असेल तर त्याचं काम अडतं, आणि बऱ्याच घरांत हक्कसोडीची घाई लोभापेक्षा या अडचणीतून होते. त्यावर उपाय आहे. पीककर्ज, विमा, भरपाई आणि वीजजोडणी एवढ्याच कामांपुरतं मर्यादित मुखत्यारपत्र त्याला द्या. जमीन विकण्याचा किंवा हक्क सोडण्याचा अधिकार त्यात अजिबात नको. तिकडूनच करायचं असेल तर ते नोटरीसमोर किंवा भारतीय वकिलातीत करा, आणि इथे पोहोचल्यावर तीन महिन्यांच्या आत त्यावर मुद्रांक शुल्क भरून घ्या. सर्वाधिकाराचं मुखत्यारपत्र कुणालाही देऊ नका, कितीही प्रेमाचं माणूस असलं तरी.

उत्पन्न भावाने घ्यावं असं तुम्हाला वाटत असेल तर घेऊ द्या, त्याचे कष्ट आहेत. नाव ठेवून उत्पन्न सोडणं शक्य आहे, हे पुष्कळ बहिणींना ठाऊकच नसतं.

"तुझ्या लग्नात एवढा खर्च केला" हे वाक्य बहुधा येईल, भावाकडून नाही तर काका-मामांकडून. लग्नाचा खर्च म्हणजे हिस्सा नव्हे. हुंडा १९६१ पासून गुन्हा आहे आणि मांडवाचा खर्च वाटपाच्या हिशोबात धरला जात नाही. आणि "हिस्सा घेतलास तर माहेर तुटेल" असं कुणी म्हणालं, तर शांतपणे विचारा की भावाने हिस्सा घेतला तेव्हा त्याचं घर का तुटलं नाही. भाऊबीजेचं ताट सहीवर अवलंबून असू नये, हे भावालाही पटेल, त्याला नातेवाइकांसमोर न बोलता एकट्याला सांगा.

पुढे कधी, सगळं समजून, आईंची सोय लावून, तुम्हाला भावाला द्यावंसं वाटलं तर जरूर द्या. तो तुमचा निर्णय असेल आणि लेकीला तो सांगताना अडखळायला होणार नाही.

निघण्याआधी एवढं करा. राज्य सरकारच्या जमीन नोंदींच्या 'महाभूमी' संकेतस्थळावरून गट नंबर टाकून सातबारा काढा आणि वारस नोंदीत तुमचं नाव आहे का ते पाहा. नाव नसेल तरी हक्क गेलेला नाही, कारण ती फक्त महसुली नोंद आहे. पण मग मृत्यूचा दाखला आणि वारसांच्या शपथपत्रासह तलाठ्याकडे अर्ज द्या. तुमच्या माघारी दुसरा काही फेरफार धरला असेल तर नोटिशीपासून पंधरा दिवसांत हरकत नोंदवता येते. पंचवटीच्या घराची नोंद वेगळी असते, तिथे मिळकत पत्रिका (प्रॉपर्टी कार्ड) बघावी लागेल. आणि भावाकडे हक्कसोडीच्या मसुद्याची प्रत आत्ताच मागा. त्यात फक्त शेती आहे की घरही, आईंचं नाव आहे की नाही, हे वाचून नाशिकमधल्या तुमच्या स्वतःच्या वकिलाला दाखवा, भावाच्या नव्हे.