सॅजिटल, कोरोनल आणि ट्रान्सव्हर्स ही प्रतले कशी ओळखावीत?

आपण लातूरला नर्सिंगच्या पहिल्या वर्षाला आहात आणि ही तीन प्रतले, म्हणजे शरीराचे भाग पाडणारे काल्पनिक सपाट पृष्ठभाग, ओळखताना नेहमी गोंधळ होतो, असे आपण लिहिले आहे. सर्वांत आधी हे पक्के करावे की प्रत्येक प्रतल शरीराच्या प्रमाणित स्थितीवरून ठरते, म्हणजे माणूस ताठ उभा, नजर समोर, हात बाजूला सोडलेले आणि तळवे पुढे केलेले. रुग्ण खाटेवर आडवा असला तरी प्रतलांची नावे बदलत नाहीत.

सॅजिटल प्रतल शरीराचे डावा आणि उजवा असे भाग करते; ते नाक व बेंबीतून, बरोबर मध्यातून गेले तर त्याला मिडसॅजिटल म्हणतात. कोरोनल प्रतल पुढचा व मागचा भाग वेगळा करते. वरचा व खालचा भाग वेगळा करणाऱ्या ट्रान्सव्हर्स प्रतलाकडे मात्र अधिक लक्ष द्यावे, कारण वॉर्डात दिसणाऱ्या सीटी स्कॅनच्या फिल्मवर बहुधा याच प्रतलातील छेद असतात. आपल्याकडे ऊस आडवा छाटल्यावर जशी चकती दिसते, तसाच हा छेद असतो. तो रुग्णाच्या पायांकडून पाहिल्याप्रमाणे मांडलेला असल्यामुळे उजव्या बाजूचे यकृत फिल्मवर आपल्या डाव्या हाताला दिसते. नवख्या विद्यार्थ्यांची गफलत येथेच होते, आणि रुग्णसेवेत बाजू चुकणे मुळीच परवडत नाही.

नुसत्या पाठांतरापेक्षा हालचालींवरून प्रतल ओळखणे मला अधिक खात्रीचे वाटते. गुडघा वाकवणे सॅजिटल प्रतलात, हात बाजूने वर उचलणे कोरोनल प्रतलात आणि मान डावीकडे-उजवीकडे वळवणे ट्रान्सव्हर्स प्रतलात घडते.